पेडणे महाल

पेडणे महाल : गोव्याच्या उत्तर टोकाचा पूर्वीचा प्रशासकीय विभाग. त्याच्या उत्तरेस तेरेखोल नदी, दक्षिणेस शापोरा नदी, पश्चिमेस अरबी समुद्र असून ईशान्येस सावंतवाडीचा मुलूख लागतो. तेरेखोल किल्ला व त्याखालील गाव एवढाच भाग नदीच्या पलीकडे, उत्तर तीरावर आहे. पोर्तुगीज राजवटीत हा महाल ‘कोंसेल्हो’, म्हणजे स्वतःचा शासकीय प्रशासक व नगरपालिका असलेला विभाग होता. आज त्याच प्रदेशाला पेडणे तालुका म्हणतात. त्याचा समावेश उत्तर गोवा जिल्ह्यात होतो आणि 2011 च्या जनगणनेनुसार त्याची लोकसंख्या 75,747 होती.

तिसवाडी, बार्देश व साष्टी हे प्रदेश पोर्तुगिजांनी सोळाव्या शतकातच घेतले होते व त्यांना ‘जुन्या काबिजादी’ म्हणत. पेडणे मात्र अठराव्या शतकाच्या अखेरपर्यंत सावंतवाडीच्या भोसल्यांच्या अमलाखाली होते. 1746 मध्ये व्हाइसरॉय पेद्रू मिगेल द आल्मेदा याने हळर्ण व तेरेखोल हे किल्ले जिंकले आणि हळर्णच्या विजयाबद्दल त्याला ‘मार्केझ द आलोर्ना’ हा किताब मिळाला. पुढे 1781-82 मध्ये भतग्राम (डिचोली) व सत्तरी हे महाल पोर्तुगिजांकडे गेले. कोल्हापूरकरांशी चाललेल्या संघर्षात पोर्तुगिजांची मदत मिळवण्यासाठी खेम सावंत भोसले यांनी 1788 च्या तहाने पेडणेही त्यांच्या हवाली केले. अशा रीतीने उशिरा मिळालेल्या प्रदेशांना ‘नव्या काबिजादी’ हे नाव पडले.

या उशिरा झालेल्या हस्तांतराचा परिणाम पेडण्याच्या स्थानिक कारभारावर खोलवर झाला. जुन्या काबिजादींत धर्मांतर व मंदिरांचा विध्वंस घडून गेला होता. नव्या काबिजादींत मात्र रहिवाशांचा धर्म, देवस्थाने व रूढी यांना धक्का लावायचा नाही, असे धोरण राज्यकर्त्यांनी स्वीकारले. त्यामुळे पेडण्याच्या भगवतीसारखी ग्रामदैवते, देसाई-कुळकर्णी यांची वतने आणि मराठीतून, मोडी लिपीत लिहिले जाणारे दप्तर टिकून राहिले. हिंदूंच्या कौटुंबिक रूढींना 16 डिसेंबर 1880 च्या हुकुमाने कायद्याचे रूप देण्यात आले.

गावपातळीवरील सर्वांत जुनी संस्था गावकारी होय. गाव वसवणाऱ्या मूळ कुळांचे वंशज, म्हणजे गावकर, गावची जमीन सामाईक धरत. ती लिलावाने कसायला देऊन येणाऱ्या उत्पन्नातून सरकारी भरणा, देवस्थानाचा खर्च, बांध-बंदिस्तीची दुरुस्ती भागवत व उरलेले आपसांत वाटून घेत. पोर्तुगिजांनी या संस्थेला ‘कोमुनिदाद’ हे नाव देऊन 1904, 1933 व 1961 च्या संहितांनी तिच्यावर सरकारी देखरेख बसवली. पेडण्यात मात्र बरीच जमीन मोठ्या भाटकारांकडे, म्हणजे जमीनदारांकडे होती व त्यांत पेडण्याचे देशप्रभू घराणे अग्रगण्य होते. त्यामुळे गावच्या कारभारात गावकरांइतकाच, अनेकदा त्यांच्याहून अधिक, प्रभाव भाटकारांचा असे.

गावकारीच्या वर कोंसेल्होची यंत्रणा होती. तिच्या शीर्षस्थानी शासनाने नेमलेला प्रशासक असे आणि प्रत्येक गावात किंवा गावांच्या गटात ‘रेजिदोर’ हा त्याचा प्रतिनिधी शांतता-सुव्यवस्था, दाखले व सरकारी हुकुमांची अंमलबजावणी पाही. ‘कामर म्युनिसिपाल’ या नगरपालिकेचे कार्यक्षेत्र केवळ पेडणे शहरापुरते नसून संपूर्ण कोंसेल्हो हेच होते. म्हणजे मोरजी, मांद्रे, हरमल, कोरगाव, धारगळ यांसारखी गावेही तिच्याच कक्षेत येत. रेजिदोर हा निवडून दिलेला नव्हे, तर वरून नेमलेला अधिकारी असल्याने या व्यवस्थेला ग्रामीण स्वराज्य म्हणता येत नाही.

सीमेवरील स्थानामुळे मुक्तिसंग्रामात या महालाला विशेष महत्त्व आले. 15 ऑगस्ट 1954 रोजी सत्याग्रहींनी तेरेखोल किल्ल्यावर तिरंगा फडकवला. 15 ऑगस्ट 1955 रोजी पत्रादेवी येथे सीमा ओलांडणाऱ्या निःशस्त्र सत्याग्रहींवर पोर्तुगीज सैनिकांनी गोळीबार केला. त्यातील हुतात्म्यांचे स्मारक तेथे उभे आहे.

19 डिसेंबर 1961 रोजी गोवा मुक्त झाल्यावर जुनी रचना टप्प्याटप्प्याने मोडली गेली. 1962 च्या ग्रामपंचायत विनियमानुसार 24 ऑक्टोबर 1962 रोजी गोव्यात पहिल्या पंचायत निवडणुका झाल्या आणि पेडण्याच्या ग्रामस्थांना प्रथमच प्रौढ मताधिकाराने आपला गावकारभार निवडता आला. 1968 च्या नगरपालिका कायद्याने नगरपालिकांचे क्षेत्र शहरांपुरते मर्यादित केले, तेव्हा सबंध महालाचा एकच स्थानिक कारभार ही कल्पना संपली. 1994 च्या पंचायत राज कायद्याने ग्रामपंचायतींच्या वर जिल्हा पंचायत आली. गावकारी मात्र रद्द झाली नाही. ती जमिनीची धारक म्हणून कोमुनिदाद संहितेखाली आजही चालू आहे, तर ग्रामपंचायत नागरी सोयी पाहते.

मोपा येथील विमानतळाने व किनाऱ्यावरील पर्यटनाने येथील जमिनीला अभूतपूर्व मोल आले आहे. अशा काळात जमिनीवरील हक्कांचे मूळ गावकारीच्या मोडी कागदांत व कोंसेल्होच्या पोर्तुगीज दप्तरांत शोधावे लागते; म्हणून या दोन्ही दप्तरांचे जतन व वाचन ही पेडण्याच्या इतिहासलेखनाची पहिली गरज आहे.