लातूरहून कुर्डुवाडी, तिथून प्रभात

साल १९३७. तुम्ही लातूरच्या स्टेशनात उभे आहात. समोरच्या गाडीच्या रुळांमधलं अंतर आहे फक्त अडीच फूट. ही बार्शी लाइट रेल्वे. लातूरपर्यंत ती १९११ मध्ये आली आणि तेव्हापासून इथल्या गंजातला माल तिनंच बाहेर नेला. डब्यात बसलात की समोरच्याचे गुडघे तुमच्या गुडघ्यांना टेकतात. पायाशी भुईमुगाच्या शेंगांचं पोतं, डोक्यावर कुणाची तरी वळकटी, आणि खिडकीतून आत येणारी कोळशाची कणी. लातूर अजून जिल्हा नाही. उस्मानाबाद जिल्ह्यातला तो एक तालुका आहे आणि राज्य निजामाचं आहे. खिशात हाली सिक्का आहे. तो बार्शीत चालणार नाही, म्हणून तुम्ही धोतराच्या कनवटीला थोडे इंग्रजी कलदार बांधून घेतलेत.

शेजारचा आडत्या विचारतो, "पुण्याला कशाला जायलालाव?"

सिनेमा कसा करतात ते बघायला, असं तुम्ही सांगता. तो मान हलवतो आणि पुन्हा कापसाच्या भावाकडे वळतो.

समोरच्या बाकावर एक मुलगी बसली आहे. अकरा-बारा वर्षांची असेल. हिरवा चुडा नवा आहे, कपाळावरचं कुंकू तिच्या कपाळाला मोठं होतंय. तिच्या शेजारी बसलेल्या गृहस्थांच्या मिशा पांढऱ्या आहेत. तुम्हाला आधी वाटतं, आजोबा असतील. मुरूड जातं, ढोकी जातं, येडशीचा डोंगर येतो, आणि हळूहळू बोलण्यातून कळतं की ते तिचे यजमान आहेत. दुसरेपणाचे.

हद्दीवर करोडगिरीचा, म्हणजे जकातीचा, शिपाई बोचकी उघडून बघतो. मोगलाई मागे राहते आणि बार्शी येते, म्हणजे सोलापूर जिल्हा, म्हणजे इंग्रजी अंमल. या रेषेच्या अलीकडे आणि पलीकडे नाण्यापेक्षा मोठा एक फरक आहे. १९२९ चा शारदा कायदा ब्रिटिश हिंदुस्थानात १ एप्रिल १९३० पासून अंमलात आला. चौदा वर्षांखालच्या मुलीचं लग्न लावणं तिथं गुन्हा आहे. निजामाच्या राज्यात हा कायदा लागू नाही. समोरच्या मुलीचं लग्न रेषेच्या अलीकडे लागलं, त्यामुळे कुणाला जाब विचारायची सोयच नाही. आणि विचारणार तरी कुठं? सभा घ्यायची तर निजाम सरकारचं 'गश्ती निशाण ५३' हे फर्मान आडवं येतं. आधी परवानगी, मग भाषण. शाळेत शिकवण्याची भाषा उर्दू. मराठी माणसांनी याच वर्षी परतूरला महाराष्ट्र परिषदेचं पहिलं अधिवेशन भरवलंय, पण गावागावांत पोचायला तिला वेळ लागणार आहे. ती मुलगी कुर्डुवाडीला उतरते आणि पंढरपूरच्या गाडीकडे चालू लागते. तुम्ही मोठ्या गाडीत बसता.

पुण्यात टांगेवाल्याला 'प्रभात' म्हटलं की पुरे. एरंडवण्याच्या माळावर, गावाबाहेर, झाडांच्या मागे मोठमोठे स्टेज आहेत. कोल्हापूरहून ही फिल्म कंपनी इथं आल्याला चारच वर्षं झालीत. सुतार, रंगारी, शिंपी, नट, सगळे पगारी. आत 'कुंकू'चं चित्रण चाललंय. ना. ह. आपट्यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवरचा हा बोलपट, दिग्दर्शक व्ही. शांताराम. प्रत्येक प्रसंग दोनदा होतो, एकदा मराठीत आणि एकदा हिंदीत, कारण हिंदीत हाच चित्रपट 'दुनिया न माने' म्हणून निघणार आहे. भिंतीवर एक जुनं घड्याळ आहे. या घड्याळाचं काम इथं नटाइतकंच महत्त्वाचं. म्हाताऱ्या नवऱ्याचं आयुष्य त्या ठोक्यांवर मोजलं जातं. केशवराव भोळ्यांचं संगीत असलेल्या या चित्रपटात प्रसंगांमागे वाद्यवृंद वाजत नाही. भांडी वाजतात, दार वाजतं, घड्याळ वाजतं.

केशवराव दाते काकासाहेब झालेत. तरुण दिसण्यासाठी मिशांना कलप लावणारा विधुर वकील. तुम्हाला डब्यातल्या पांढऱ्या मिशा आठवतात. शांता आपटे नीरा झाली आहे. फसवून लग्न लावलेली, आणि हे लग्न मी मानत नाही असं सांगून त्याच घरात ताठ उभी राहिलेली मुलगी. 'संगीत शारदा' नाटकात १८९९ मध्ये देवलांनी हाच जरठ-कुमारी विवाह रंगभूमीवर आणला होता. पण देवलांची शारदा रडते आणि ही नीरा भांडते. अडतीस वर्षांत मराठी माणसानं केलेला हा प्रवास मला फार मोलाचा वाटतो. शांता आपटे स्वतःही तशीच आहे. दोन वर्षांनी ती याच स्टुडिओच्या दारात उपोषणाला बसेल आणि १९४० मध्ये 'जाऊ मी सिनेमात?' हे पुस्तक लिहील.

पण तुम्ही इतक्या लांबून आलात ते तिसऱ्या व्यक्तीसाठी. सेटच्या कडेला एक बाई उभ्या आहेत. एकतीस वर्षांच्या. काकासाहेबांच्या मुलीची भूमिका त्यांची. घराबाहेर समाजकार्य करणारी लेक माहेरी येते, बापानं काय केलंय ते बघते आणि सावत्र आईची, म्हणजे नीराची, बाजू घेते. शांतारामबापूंनी या भूमिकेसाठी धंद्यातली नटी घेतली नाही. या आहेत शकुंतला परांजपे.

यांना ओळखायचं तर तुम्हाला आठ वर्षं मागं आणि सात समुद्र पलीकडे जावं लागेल.

१९२९. केंब्रिज. न्यूनम कॉलेज. विटांच्या इमारती, मोठी हिरवळ, अंगात मुरणारी थंडी. एक मराठी मुलगी गणिताची ट्रायपॉस परीक्षा उत्तीर्ण झाली आहे. तिचे वडील रँग्लर र. पु. परांजपे. दापोलीजवळच्या मुर्डीचा हा मुलगा १८९९ मध्ये याच परीक्षेत पहिला आला, सीनियर रँग्लर झालेला पहिला भारतीय ठरला आणि गावोगाव त्याच्या नावाचा गजर झाला. मुलीसाठी तसा गजर नाही. एकोणतीस साल उजाडलं तरी केंब्रिज बायकांना विद्यापीठाचं पूर्ण सदस्यत्व देत नाही. ते मिळायला १९४८ उजाडेल. याच न्यूनमच्या फिलिपा फॉसेटनं १८९० मध्ये सीनियर रँग्लरपेक्षाही वरचे गुण मिळवले होते, तरी तो किताब तिला मिळाला नाही. जगातल्या सगळ्यात नावाजलेल्या विद्यापीठातही बाईनं पुढं यायचं ते अर्ध्या दारातून, हे शकुंतलाबाईंनी विशी ओलांडतानाच पाहिलं. पुढच्या वर्षी लंडनला शिक्षणशास्त्राची पदविका, मग जिनिव्हाला आंतरराष्ट्रीय मजूर संघटनेत नोकरी. रशियन चित्रकार युरा स्लेप्ट्झॉफ यांच्याशी लग्न. ते टिकलं नाही.

आता पुन्हा प्रभातच्या सेटवर या. पूर्ण चित्रपटात या लेकीचं काम थोडंच आहे. पण तिचं बोलणं ऐकताना एक गोष्ट ध्यानात येते. नाटकी हातवारे नाहीत, रडवेला सूर नाही, वकिली पल्लेदारपणाही नाही. घरातली सुशिक्षित बाई बापाला चूक समजावून सांगते आहे, इतकं साधं. माझ्या मते 'कुंकू'मधला सगळ्यात आजचा वाटणारा अभिनय हाच. शांता आपटेचा आवेश अप्रतिम आहे, दात्यांनी तर त्या म्हाताऱ्याची कीव यावी असं काम केलंय. तरी त्या घरात शहाणपण शिरतं ते या लेकीच्या पावलांनी. नीराच्या बंडाला घरात एक साक्षीदार मिळतो, आणि बंडखोर मुलीला बहुतेकदा तेवढंच हवं असतं.

पुढच्या वर्षी, १९ मार्च १९३८ ला, त्यांच्या मुलीचा, सईचा, जन्म होतो. याच वर्षापासून त्या कुटुंबनियोजनाच्या कामाला लागतात. मागं त्यांच्या नात्यातल्या रघुनाथ धोंडो कर्व्यांची प्रेरणा आहे. कर्व्यांनी याच विचारापायी प्राध्यापकी सोडली, १९२१ मध्ये मुंबईत संततिनियमनाचं केंद्र काढलं आणि 'समाजस्वास्थ्य' मासिक चालवताना कोर्टाच्या पायऱ्या झिजवल्या. त्या काळी एका बाईनं या विषयावर उघड बोलणं म्हणजे काय होतं, ते तुम्ही पुण्याच्या एखाद्या वाड्याच्या माजघरात बसलात की कळेल. सातव्या बाळंतपणातून उठलेली बाई कोपऱ्यात बसली आहे. सासू दाराशी आहे. पाळणा लांबवायला, थांबवायला काय करता येतं हे शकुंतलाबाई त्या बाईला न लाजता, सोप्या शब्दांत सांगतात. काही घरांत त्यांना पाणीही विचारलं जात नसेल. हे काम त्यांनी वीस वर्षं केलं, आणि त्यापुढेही सोडलं नाही.

मधल्या काळात त्या लिहीतही होत्या. नाटकं, गोष्टी, लेख, मराठीत आणि इंग्रजीत. १९४४ ते १९४७ वडील ऑस्ट्रेलियात भारताचे हाय कमिशनर होते. त्या वास्तव्यावर 'थ्री इयर्स इन ऑस्ट्रेलिया' हे पुस्तक आलं. पडद्यावर मात्र त्या थोड्याच वेळा दिसल्या. याची हळहळ मला वाटते. पण ज्या बाईनं पडद्यावरची भूमिका घरी नेऊन आयुष्यभर जगून दाखवली, तिच्याबद्दल हळहळायचं तरी किती?

आता नांदेडला या. १९५८. स्टेशनात मीटरगेजची गाडी मनमाडकडे तोंड करून उभी आहे. उस्मानशाही मिलचा भोंगा झालाय. निजामाचं राज्य १७ सप्टेंबर १९४८ ला संपलं. १९५० मध्ये इथं पीपल्स कॉलेज निघालं, आणि गोदाकाठची मुलं आता मराठी बोलत कॉलेजात जातात. त्यांत थोड्या मुलीही आहेत. १ नोव्हेंबर १९५६ ला मराठवाडा मुंबई राज्यात आला. बार्शीजवळची ती रेषा पुसली गेली. करोडगिरी नाही, हाली सिक्का नाही, इथं एक कायदा आणि तिथं दुसरा असंही नाही. आणि १९५८ मध्येच शकुंतला परांजपे विधान परिषदेवर गेल्या. १९३७ मध्ये ज्यांचा आवाज त्या डब्यातल्या मुलीपर्यंत पोचायला कायद्यानं वाट नव्हती, त्या आता नांदेड-लातूरसाठीही कायदे करणाऱ्या सभागृहात बसल्या. तिथं सहा वर्षं, मग १९६४ ते १९७० राज्यसभेत राष्ट्रपतिनियुक्त सदस्य म्हणून, त्यांनी कुटुंबनियोजनाचा विषय लावून धरला. ती डब्यातली मुलगी १९५८ पर्यंत तिशी ओलांडून गेली असेल. कदाचित विधवा होऊन.

मुलीचं सांगायला हवं. सईच्या गोष्टींचं 'मुलांचा मेवा' हे पुस्तक ती आठ वर्षांची असताना छापून आलं, ते आईनं कौतुकानं लिहितं ठेवल्यामुळे. सई परांजपे राष्ट्रीय नाट्य विद्यालयात शिकल्या, आणि 'स्पर्श'साठी त्यांना उत्कृष्ट पटकथेचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. 'चष्मेबद्दूर' आणि 'कथा' तुमच्यापैकी अनेकांनी नांदेड-लातूरच्या टॉकीजमध्ये किंवा दूरदर्शनवर बघितले असतील. आईच्या मराठी गोष्टीवरून सईंनी 'ये है चक्कड बक्कड बंबे बो' हा मुलांचा चित्रपट केला तो २००३ मध्ये. शकुंतलाबाईंना १९९१ मध्ये पद्मभूषण मिळालं होतं. ३ मे २००० ला त्या गेल्या.

आणि आता तुमच्या आजच्या लातूरला. अरुंद रूळ उखडले गेले, २००८ पासून कुर्डुवाडीपर्यंत ब्रॉडगेज धावते. लातूरच्या शिकवणी वर्गांत राज्यभरातल्या मुली डॉक्टर व्हायला येतात, हे बघून छाती भरून येते. पण राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या पाचव्या फेरीतली बालविवाहांची आकडेवारी उघडून बघा. राज्यात पुढं दिसतात ते आपल्या शेजारचे परभणी आणि बीड. मुलीला अठरा वर्षं पूर्ण व्हायलाच हवीत असं कायदा सांगतो. ऊसतोडीला निघालेलं कुटुंब मुलीला मागं कुणाकडं ठेवायचं या काळजीनं तिचं लग्न उरकतं. लॉकडाऊनमध्ये शाळा बंद झाल्या तेव्हा कितीतरी लग्नं गुपचूप लागली. रेषा पुसली तरी तो डबा रिकामा झालेला नाही.

'कुंकू' आज इंटरनेटवर सापडतो. एखाद्या शनिवारी आपल्या गावच्या शाळेत, आठवी-नववीच्या मुलींना आणि त्यांच्या वडिलांनाही एकत्र बसवून तो दाखवा. नीरा त्यांना आपोआप समजेल. काकासाहेबांच्या लेकीकडे मात्र तुम्ही बोट दाखवा, आणि ती कोण होती, पुढं तिनं काय केलं, ते त्यांना सांगा.