उल्हास नदीवरची जलपर्णी

व्याख्यानमालेत इतिहास म्हटला की राजे, लढाया आणि किल्ले यांची अपेक्षा असते. आम्ही आज एका पाणवनस्पतीचा इतिहास सांगणार आहोत. उन्हाळा लागला की शहाड-आंबिवलीच्या दरम्यान आगगाडीच्या पुलाखाली उल्हास नदी दिसावयास हवी. तेथे दिसते हिरवेगार कुरण, आणि त्यावर जांभळ्या फुलांचे तुरे. नवखा प्रवासी त्या फुलांकडे कौतुकाने पाहतो. मोहन्याच्या कोळ्याला विचारा, तो वेगळे सांगेल. त्याची होडी या कुरणात रुतते, जाळे टाकावयास मोकळे पाणी उरत नाही, आणि खाली प्राणवायू कमी पडून मासळी मरते.

ही जलपर्णी मूळची दक्षिण अमेरिकेतील अ‍ॅमेझॉनच्या खोऱ्याची. फुलांच्या मोहाने धनिकांनी ती आपल्या बागांतील हौदांत नेली. १८८४ साली न्यू ऑर्लिन्सच्या प्रदर्शनात तिची रोपे लोकांना भेट म्हणून वाटली, अशी कथा तिकडे सांगतात. एकोणिसावे शतक संपता संपता ती बंगालमध्ये पोचली होती. उबदार, संथ आणि खतावलेले पाणी मिळाले की पंधरवड्याच्या आत ती दुप्पट होते. तिचे बी चिखलात पंधरा-वीस वर्षे जिवंत राहते. श्रीमंताच्या हौसेची किंमत गरिबाने कशी मोजावी, याचा याहून चांगला नमुना आम्हांस ठाऊक नाही.

बंगालची कहाणी मुद्दाम सविस्तर सांगतो, कारण तिच्यात आपल्या प्रश्नाची बहुतेक सारी पात्रे आहेत. तेथे हिला कचुरीपाना म्हणत. पहिल्या महायुद्धाच्या सुमारास लोक तिला ‘जर्मन पाना’ही म्हणू लागले, शत्रूनेच ती सोडली अशी वदंता होती. पुराबरोबर ती भाताच्या शेतात शिरे, पीक दाबून टाकी, आणि तागाच्या नावा कालव्यात अडकून पडत. १९२१ साली सरकारने जगदीशचंद्र बसूंच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. त्या वेळी औषधाचा फवारा मारून वनस्पती नष्ट करण्याचा मोठा गाजावाजा चालला होता. फवाऱ्याने पाने करपतात, पण पाण्यातील मूळ शाबूत राहून पुन्हा फुटते, असे प्रयोगान्ती दिसले. आजही कोणी फवाऱ्याची गोष्ट काढली, आणि तीही पिण्याचे पाणी उचलतात त्या नदीवर, तर हा शंभर वर्षांपूर्वीचा अनुभव त्याच्यापुढे ठेवावा.

पुढे १९३६ साली बंगालचा जलपर्णी कायदा झाला. कोणीही आपल्या जमिनीत वा पाण्यात ही वनस्पती ठेवू नये, असा त्याचा रोख. म्हणजे काढण्याचा बोजा आला रयतेवर! रेल्वेच्या भरावांनी आणि बंधाऱ्यांनी पाण्याच्या वाटा अडल्या होत्या, पाणी तुंबले होते, त्यात जलपर्णी फोफावली होती. पण भराव घालणाऱ्यांकडे कोणी बोट दाखविले नाही. १९३७ च्या निवडणुकीत तर जलपर्णीपासून मुक्ती हे पक्षांचे वचनच होऊन बसले. फजलुल हक मुख्यमंत्री झाले आणि १९३९ साली ‘जलपर्णी सप्ताह’ साजरा झाला. त्या सप्ताहात मोठ्या उत्साहाने लोकांना पाण्यात उतरविण्यात आले. सप्ताह संपला, बी चिखलात होतेच.

आता आपल्या नदीकडे या. उल्हास राजमाचीच्या डोंगरात उगम पावते आणि कर्जत, नेरळ, बदलापूर, उल्हासनगर करीत कल्याणला येते. १९२२ पासून भिवपुरीच्या वीजघरातून सुटणारे पाणी तिला मिळते, म्हणून ती भर उन्हाळ्यातही आटत नाही. मोहन्याला बंधारा, तेथे पाणी थांबते. १९४९ साली कल्याण कँपातील सिंधी निर्वासितांच्या वसाहतीला उल्हासनगर हे नाव मिळाले. त्यानंतरच्या दशकांत रेयॉन, रसायने आणि रंग यांचे कारखाने उभे राहिले. कारखान्यांनी आम्हा कामगारांना भाकर दिली हे आम्ही नाकारीत नाही. पण वस्ती वाढली त्या मानाने मलवाहिन्या वाढल्या नाहीत. खेमाणी नाला, म्हारळचा नाला यांतून जे नदीत आले, ते जलपर्णीचे खतच होते. २०१५ साली राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाने उल्हास आणि वालधुनीच्या प्रदूषणाबद्दल नगरसंस्था आणि सांडपाणी केंद्रे यांना सुमारे ९५ कोटींचा दंड ठोठावला, आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले.

हा प्रश्न केवळ नदीकाठच्यांचा, असे वर्तकनगरात बसून समजू नये. शहाडला उचललेले हेच पाणी शहाड-टेमघर योजनेतून ठाण्यालाही येते. जगातही हे एकट्या आपल्याच नशिबी नाही. २०११ पासून कॅरिबियन बेटांच्या किनाऱ्यांवर सारगासम नावाच्या समुद्रशैवालाचे ढीग दर हंगामात येऊन सडतात. २०१८ साली त्याचा पट्टा आफ्रिकेपासून मेक्सिकोच्या आखातापर्यंत सुमारे ८,८५० किलोमीटर पसरला होता. तेथेही नद्यांतून वाहून येणाऱ्या खतांकडे शास्त्रज्ञ संशयाने पाहतात, आणि तेथेही सडक्या अंड्यासारख्या वायूत उभे राहून फावडी मारतो तो मजूरच.

जलपर्णीत नव्वद टक्क्यांहून अधिक पाणी असते. गाडीभर माल ओढला तर वाळल्यावर टोपलीभर उरतो; म्हणून तिच्या खताचे नि कागदाचे धंदे वाहतुकीतच गारद होतात. ठेका मात्र ओल्या वजनावर देता येतो! त्या ठेक्यात कमरेइतक्या मैल्या पाण्यात उतरणाऱ्या माणसाचे नाव हजेरीपटावर आहे काय, त्याला गमबूट, हातमोजे आणि लेप्टोची गोळी मिळते काय, हे निविदा उघडताना विचारले गेले पाहिजे, आणि नाल्यावरचे शुद्धीकरण केंद्र किती तास चालते हेही त्याच बैठकीत विचारले पाहिजे. आषाढात पहिला लोंढा आला की उरलेली जलपर्णी बंधाऱ्यावरून वाहत खाडीत जाते. तेथे खाऱ्या पाण्यात ती पिवळी पडून मरते आणि काठाला लागते. दिवाळीनंतर मोहन्याच्या कडेला पुन्हा चार-दोन हिरवी पाने तरंगू लागतात. ओढावयाची ती तेव्हाच, ठेक्याच्या मार्चची वाट न पाहता.