वळिवडे, 24 डिसेंबर 1944

रुकडी मागे पडलं की गाडी पंचगंगेचा पूल ओलांडते आणि थोड्याच वेळात तिचा वेग कमी होतो. इथेच उतरा. दुपार कलते आहे, उसाची तोड चालू आहे आणि वाऱ्यावर कुठल्या तरी गुऱ्हाळातल्या काहिलीचा गोड, करपट वास येतो आहे. इथवर सगळं तुमच्या ओळखीचं कोल्हापूर आहे.

आता रुळांपलीकडे पाहा. लांबच लांब बराकींच्या रांगा, वर कौलं, भिंती बांबूच्या चटयांच्या. दारापुढे आखून काढलेले फुलांचे वाफे. रस्त्यावरून सोनेरी केसांच्या दोन वेण्या घातलेल्या मुली पुस्तकं छातीशी धरून चालल्या आहेत. वाटेच्या कडेला टोपली घेऊन बसलेली गावची म्हातारी "याय्का, याय्का!" अशी हाळी देते आहे. ती अंडी विकते आहे आणि हाळी चक्क पोलिश भाषेत देते आहे. गेल्या दीड वर्षात इथल्या दुकानदारांनी, फेरीवाल्यांनी कामापुरती पोलिश उचलली आहे. गिऱ्हाईक मराठी शिकेपर्यंत थांबायला वेळ कुणाला होता?

ही सुमारे पाच हजारांची वस्ती आहे. पुरुष शोधायला गेलात तर म्हातारे भेटतील, पाद्री भेटतील, शिक्षक भेटतील. बाकी सगळ्या बायका आणि मुलं. नवरे, थोरले मुलगे पोलिश जनरल आंदेर्सच्या सैन्यात, इटलीच्या आघाडीवर. याच वर्षी मे महिन्यात त्यांनी मोंते कासिनोची टेकडी घेतली. ती बातमी आली तेव्हा किती घरांत आनंद झाला असेल आणि किती घरांत आक्रोश, याचा विचार तुम्ही करून पाहा.

एका बराकीच्या ओट्यावर बसलेली बाई तुम्हाला आत बोलावते. चटईची भिंत, शेजारच्या घरातलं खोकणंही इकडे ऐकू येतं. ती इथे कशी आली हे तिला विचारू नका, आज सणाचा दिवस आहे. पण तुम्हाला ते कळायला हवं, म्हणून क्षणभर माझ्याबरोबर मागे या.

10 फेब्रुवारी 1940. पूर्व पोलंडमधलं एक खेडं, पहाटेचा अंधार, हाडं गोठवणारी थंडी. दारावर बंदुकीचे दस्ते आदळतात. पोलंडचा हा भाग सोव्हिएत सैन्याने आदल्या सप्टेंबरातच गिळलेला आहे. सैनिक सांगतात, सामान बांधा. मिळाला तर अर्धा तास. तुम्ही काय उचलाल? पीठ, पिसांची गादी, मरियमेची तसबीर, शिवणयंत्र? ज्यांनी शिवणयंत्र उचललं त्यांनी पुढे ते विकून पीठ घेतलं. मग जनावरांच्या डब्यांतून आठवड्यांचा प्रवास, डब्याच्या जमिनीला एक भोक, तोच संडास. उतरायचं ते सैबेरियाच्या किंवा उत्तर रशियाच्या जंगलात, लाकूड तोडायला. काम केलं तर पाव, नाही केलं तर नाही. पुढच्या लाटांमध्ये कित्येकांना कझाखस्तानच्या गवताळ मैदानांत टाकलं. अशा चार लाटांमध्ये लाखो माणसं उचलली गेली.

जून 1941 मध्ये हिटलर रशियावर उलटला आणि स्टालिनला अचानक पोलिशांची गरज पडली. करार झाला, कैदी सुटले, रशियाच्याच भूमीवर पोलिश सैन्य उभं राहू लागलं. सैन्य जिथे, तिथे पोट भरेल या आशेने बायकामुलं दक्षिणेकडे निघाली. 1942 मध्ये सुमारे 1,15,000 सैनिक आणि नागरिक इराणला पोहोचले, त्यांतले बहुतेक कॅस्पियन समुद्र ओलांडून. पहलवी बंदराच्या वाळूवर उतरल्यावर जुने कपडे जाळले गेले, डोकी भादरली गेली. टायफस आणि हगवणीने कित्येक जण सुटकेच्या त्या किनाऱ्यावरच मेले. उरलेल्यांपैकी काही कराचीमार्गे हिंदुस्थानात आले. जामनगरच्या जामसाहेब दिग्विजयसिंहजींनी बालाचडीला सुमारे हजार मुलांची सोय केली. आणि मोठी कुटुंबवस्ती 1943 मध्ये उभी राहिली ती इथे, कोल्हापूर संस्थानात.

'आपल्या महाराजांनी आश्रय दिला' असं आपण अभिमानाने सांगतो. पण राजाराम महाराज 1940 मध्येच वारले होते, गादीवर लहान बाळ होतं. वस्तीचा खर्च मुख्यतः लंडनमधलं परागंदा पोलिश सरकार सोसत होतं. मग कोल्हापूरने काय दिलं? जागा दिली, पाणी दिलं, बाजार दिला, शेजार दिला. आणि पाच हजार परक्या माणसांना पाच वर्षं नांदू दिलं. अभिमान वाटायला एवढं पुरेसं आहे, त्यात भर घालण्याची गरज नाही.

चला, परत ओट्यावर. अंधार पडतो आहे. मुलं अंगणात माना वर करून उभी आहेत. पहिली चांदणी दिसल्याशिवाय ख्रिसमसच्या आदल्या रात्रीचं जेवण सुरू करायचं नाही, अशी रीत आहे. दिसली! टेबलावरच्या पांढऱ्या कापडाखाली थोडं वाळलेलं गवत पसरलेलं आहे, येशूच्या गोठ्याची आठवण म्हणून. पापडासारखी पातळ, पांढरी पोळी हातोहात फिरते. प्रत्येकाने दुसऱ्याच्या हातातला तुकडा मोडून घ्यायचा आणि त्याला शुभ चिंतायचं. तुमच्याकडेही पोळी येते. मग तुमच्या लक्षात येतं की टेबलावर एक ताट जास्त आहे. ते अवचित येणाऱ्या पाहुण्यासाठी, आणि जे नाहीत त्यांच्यासाठी. वॉर्सामधला जर्मनांविरुद्धचा उठाव ऑक्टोबरात चिरडला गेला. त्या शहरात कुणाची बहीण आहे, कुणाची आई. आज ते ताट तुमच्यापुढे सरकवलं जातं. बसा. नको म्हणू नका.

उद्या सुट्टी आहे, पण शाळा बघितल्याशिवाय जाऊ नका. या वस्तीला दवाखाना आहे, चर्च आहे, नाटकं होतात, स्काउटची पथकं आहेत. तरी तिचा जीव शाळेत आहे. सैबेरियात ज्यांची दोन-दोन वर्षं बुडाली ती मुलं आता वर्षाचा अभ्यास सहा महिन्यांत उरकू पाहतात. पाठ्यपुस्तकं कमी पडतात. पोलिश सैन्याने जेरुसलेमला छापलेली काही येतात, बाकी सगळं शिक्षक सांगणार आणि मुलं उतरवून घेणार.

पुस्तकांचा विषय निघाला तर वांदा दिनोव्हस्काला विसरून चालणार नाही. ही पोलिश बाई युद्धाआधीच भारतात आलेली, गांधीजींनी तिला उमादेवी हे नाव दिलं. इथल्या तरुण मुलांना भारत समजावून सांगायला ती धडपडली. मॉरिस फ्रीडमन यांच्यासह तिने मद्रासला पोलिश-भारतीय ग्रंथमाला चालवली. हे फ्रीडमन म्हणजे औंध संस्थानात ग्रामराज्याची घटना घडवण्यात ज्यांचा हात होता तेच. पुढे तिबेटी निर्वासित आले तेव्हा ही बाई त्यांच्या मुलांसाठी राबली.

फेब्रुवारी 1945. याल्टा परिषदेची बातमी येते. पूर्व पोलंड रशियाला. ज्या गावांतून या बायकांना उचललं, ती गावं आता त्यांच्या देशातच नाहीत. युद्ध जिंकलं आणि घर गेलं. जुलैमध्ये ब्रिटनने लंडनच्या पोलिश सरकारची मान्यताही काढून घेतली. पुढच्या तीन वर्षांत माणसं पांगली: कुणी इंग्लंड, कुणी ऑस्ट्रेलिया, कुणी अमेरिका, थोडी पोलंडला. काही कोल्हापूरच्या दफनभूमीतच राहिली.

तुम्ही मात्र फलाटावरून हलू नका. 1948 सालीच दुसऱ्या गाड्या येतात. 6 जानेवारीला कराचीत हिंसाचार झाला आणि त्यानंतर सिंधी हिंदू जहाजं भरभरून मुंबईला उतरू लागले. पंजाबची, बंगालची फाळणी झाली. सिंध सबंधच पलीकडे गेला, त्यामुळे सिंध्यांना आपलं म्हणावं असं अर्धं राज्यही मिळालं नाही. कल्याणच्या लष्करी छावण्यांत लोक मावेनात. काही कुटुंबं इथे धाडली जातात. त्याच बराकी, त्याच चटया. त्याच अंगणात आता पापड वाळताहेत. यांच्यासाठी परदेशात कुणाचं सरकार नाही, कुणाचं सैन्य लढत नाही. खांद्यावर कापडाचे गठ्ठे घेऊन ही माणसं गावोगाव फिरतात. तुम्ही लग्नाच्या बस्त्यासाठी ज्या गांधीनगरच्या घाऊक बाजारात जाता तो हाच, वळिवड्याच्या छावणीवर उभा राहिलेला.

आता वर्तमानात या. पोलिशांच्या आठवणी लंडनमधल्या त्यांच्या मंडळाने जाड ग्रंथात बांधून ठेवल्या. अनुराधा भट्टाचार्जी यांचं 'द सेकंड होमलँड' 2012 मध्ये आलं, सिंध्यांच्या विस्थापनावर नंदिता भावनानी यांचं 'द मेकिंग ऑफ एग्झाइल' 2014 मध्ये. ही पुस्तकं एकापाठोपाठ एक वाचा, कारण एकाच कौलाखाली राहिलेल्या दोन्ही लोकांची गोष्ट त्याशिवाय पुरी होत नाही. 2019 मध्ये पोलंडहून काही वृद्ध मंडळी आपलं बालपण पाहायला कोल्हापुरात आली, तेव्हा त्यांचं जोरदार स्वागत झालं; योग्यच झालं. पण कराचीहून आलेली माणसं तर इथेच होती, दुकानाच्या गल्ल्यामागे बसलेली, आणि त्यांना कुणी फारसं विचारलं नाही. फाळणीच्या वेळी दहा वर्षांचं असलेलं मूल आज नव्वदीकडे झुकलं आहे. गांधीनगरला, उल्हासनगरला, पिंपरीला असं कुणी तुमच्या ओळखीचं असेल तर या आठवड्यात जा, शेजारी बसा, विचारा आणि लिहून घ्या.