वळणे अनेक, प्रश्न एक

व्ही. शांताराम यांचे नाव काढले की घरातल्या प्रत्येकाला निराळा चित्रपट आठवतो. कुणाला ‘कुंकू’, कुणाला ‘दो आंखें बारह हाथ’, कुणाला ‘नवरंग’, तर कुणाला ‘पिंजरा’. पौराणिक, सामाजिक, चरित्रपर, नृत्यप्रधान, तमाशापट. बहुतेक सगळे प्रकार या एका माणसाने हाताळले. ही केवळ नावीन्याची हौस होती का? मला तसे वाटत नाही. माणूस रूढीतून, संशयातून, लोकलाजेतून बाहेर येऊ शकतो का, हा एकच प्रश्न ते पुन्हा पुन्हा विचारत होते. प्रश्नाला शोभेल तो प्रकार ते निवडत होते.

१९०१ मध्ये जन्मलेले शांताराम कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांच्या हाताखाली तयार झाले. १९२९ मध्ये त्यांनी चार भागीदारांसह ‘प्रभात’ काढली. १९३२ च्या ‘अयोध्येचा राजा’त हरिश्चंद्राची ओळखीची कथा होती. १९३४ च्या ‘अमृतमंथन’मध्ये काळ जुनाच, पण विषय धर्माच्या नावाने दिल्या जाणाऱ्या बळींचा. राजगुरूचा पडदाभर दिसणारा डोळा पाहिला की आंधळ्या श्रद्धेची दहशत वेगळी सांगावी लागत नाही.

१९३७ मध्ये ‘कुंकू’ आला. फसवून म्हाताऱ्या विधुराच्या गळ्यात बांधलेली नीरा हे लग्न मनाने मानत नाही. इथे शांताराम यांनी पार्श्वसंगीतच वगळले. घड्याळाची टिकटिक आणि घरातले नेहमीचे आवाज, एवढ्यावर त्या घरातली घुसमट ऐकू येते.

‘शेजारी’ १९४१ चा. आदल्याच वर्षी मुस्लिम लीगचा लाहोर ठराव झाला होता. अशा वेळी शांताराम यांनी गावातले दोन म्हातारे मित्र घेतले, एक हिंदू, एक मुसलमान. बुद्धिबळाचा डाव मांडून बसणाऱ्या या दोघांमध्ये धरण बांधणाऱ्यांचा स्वार्थ फूट पाडतो. ते पुन्हा एकत्र येतात ते फुटणाऱ्या धरणावर, मृत्यूच्या दारात. मिर्झाची भूमिका गजानन जागीरदारांनी केली. हिंदी ‘पडोसी’त त्याच्या हिंदू मित्राच्या भूमिकेत मजहर खान होते. मराठीत कविता लिहिणाऱ्या माझ्यासारख्या मुसलमानाला ही पात्रनिवड नुसती सोय वाटत नाही. दुसऱ्याच्या घरात शिरून त्याचे दुःख आपले म्हणून बोलायचे, हेच तर शेजारधर्माचे मर्म आहे.

१९४२ मध्ये ‘प्रभात’ सोडून त्यांनी मुंबईत ‘राजकमल’ उभी केली. १९४६ मध्ये चीनमध्ये रुग्णसेवा करताना मरण पावलेल्या सोलापूरच्या डॉ. कोटणीसांवर चित्रपट काढला आणि ती भूमिका स्वतः केली. १९५७ च्या ‘दो आंखें बारह हाथ’मागे औंध संस्थानातल्या स्वतंत्रपूर या खुल्या तुरुंगाचा प्रयोग होता. सहा खुनी कैद्यांवर विश्वास टाकणाऱ्या जेलरची ही गोष्ट १९५८ मध्ये बर्लिन महोत्सवात गौरवली गेली.

सगळेच सारखे उतरले, असे नाही. ‘झनक झनक पायल बाजे’ आणि ‘नवरंग’मध्ये रंग आणि नृत्य यांचा थाट मोठा, पण त्या झगमगाटात माणूस मागे पडतो. हेही म्हटले पाहिजे.

तो माणूस १९७२ च्या ‘पिंजरा’त परत सापडतो. १९३९ च्या ‘माणूस’मध्ये पोलीस शिपाई गणपत बदनाम वस्तीतल्या मैनाला नवे आयुष्य देऊ पाहतो, पण ती स्वतःलाच अपात्र ठरवते. ‘पिंजरा’त आदर्श मास्तर तमाशातल्या बाईच्या नादी लागतो. गाव त्याला मेला समजून त्याचा पुतळा उभारते, आणि त्याच्यावर मात स्वतःच्याच खुनाचा खटला चालतो! गावाला पुतळा हवा असतो, चुकणारा माणूस नको असतो.

जमल्यास हे दोन चित्रपट लागोपाठ पाहा. मध्ये तेहतीस वर्षे गेली, कृष्णधवल जाऊन रंग आले. लोकांची भीती मात्र मैनालाही सुटली नाही आणि मास्तरालाही.