नांदणे आणि निवारा

रखमाबाईंच्या खटल्याकडे मी वळलो तो बालविवाहाच्या अभ्यासासाठी. वाचता वाचता लक्षात आले की हा खटला जितका लग्नाचा, तितकाच घराचाही आहे.

दादाजी भिकाजींनी १८८४ साली मुंबई हायकोर्टात दावा लावला : बायको नांदायला येत नाही, तिला पाठवा. लग्नाच्या वेळी ती अकरा वर्षांची होती. आई जयंतीबाई आणि सावत्र वडील डॉ. सखाराम अर्जुन यांच्या घरी ती वाढली. सासरी कधी नांदली नाही. २१ सप्टेंबर १८८५ रोजी न्या. पिन्हे यांनी दावा फेटाळला. जी कधी नांदलीच नाही तिला 'पुन्हा' कसे नांदवायचे, हा त्यांच्या निकालाचा गाभा. १८८६ मध्ये अपिलात तो उलटला. ४ मार्च १८८७ रोजी न्या. फॅरन यांनी फर्मावले, महिन्याभरात नवऱ्याकडे जा, नाहीतर सहा महिने तुरुंग. रखमाबाईंनी तुरुंगाची तयारी दाखवली. अखेर जुलै १८८८ मध्ये दोन हजार रुपयांवर तडजोड झाली.

एवढी वर्षे त्या 'नाही' कशाच्या बळावर म्हणू शकल्या? धैर्य होतेच, पण पाठीशी माहेरचे छप्परही होते. पुनर्विवाहापूर्वी जयंतीबाईंनी आपली मालमत्ता लेकीच्या नावे केली होती. ज्यांना असे दार नव्हते, त्यांचे खटले उभेच राहिले नाहीत.

हे मला पुस्तकातून नव्हे, माझ्या मावसबहिणीमुळे उमगले. घटस्फोटाचा दावा चालू असताना एका संध्याकाळी ती पिशवी घेऊन आमच्या दारात आली. सासरच्या घराचे कुलूप बदलले होते. घर सासऱ्यांच्या नावे होते.

कायदा तिच्यापर्यंत फार सावकाश पोचला. नांदायला न जाणाऱ्या बाईला तुरुंगात टाकण्याची तरतूद १९२३ साली गेली. हिंदू विवाह कायदा मे १९५५ मध्ये झाला आणि घटस्फोट देशभर मिळाला. त्याच सप्टेंबरात रखमाबाई वारल्या. कौटुंबिक हिंसाचाराविरुद्धचा २००५चा कायदा २६ ऑक्टोबर २००६ पासून लागू झाला. घटस्फोटाचा दावा चालू असतानाच त्याच कोर्टात संरक्षणाचा आणि निवासाचा आदेश मागता येऊ लागला. पण त्याच डिसेंबरात बत्रा खटल्यात सुप्रीम कोर्टाने म्हटले की सासूच्या मालकीच्या घरात सुनेला हा हक्क मागता येणार नाही. आपल्याकडे घर बहुधा सासू-सासऱ्यांच्याच नावे असते. त्यामुळे दार उघडता उघडता पुन्हा लोटले गेले.

१५ ऑक्टोबर २०२० रोजी आहुजा खटल्यात तीन न्यायमूर्तींनी तो अर्थ चुकीचा ठरवला. सून जिथे संसार करत होती ते घर नवऱ्याच्या नातेवाइकाच्या मालकीचे असले, तरी ते 'सामायिक घर' ठरू शकते. हा हक्क अमर्याद नाही. वृद्ध सासू-सासऱ्यांना शांतपणे जगण्याचा हक्क आहे आणि कोर्टाने दोन्ही पारड्यांत तोलायचे आहे. ते मला रास्त वाटते. निवाऱ्याची भीती म्हाताऱ्यांनाही असते.

वैवाहिक हक्कांच्या पुनःस्थापनेचे कलम ९ मात्र हिंदू विवाह कायद्यात अजून आहे. नांदायला बोलावणारा कायदा जुना, निवारा देणारा नवा. मावसबहिणीला आता भाड्याची का होईना, स्वतःची खोली आहे. पहिल्याच दिवशी तिने नवे कुलूप आणले. किल्ली तिच्याकडेच असते.