सावडीच्या शेवया

दौंडला मोठी गाडी सोडा आणि बारामतीची बुटकी गाडी धरा. साल 1946. चैत्र उतरणीला लागलाय, आखिती तोंडावर आलीय, आणि डब्यातला लाकडी बाक पाठीला चटके देतोय. ही नॅरोगेज 1914 पासून धावते असं म्हणतात. तिची घाई मात्र कुणी पाहिलेली नाही. डब्यात बोलणं दोनच गोष्टींचं. एक, फेब्रुवारीत मुंबईला नाविकांनी केलेलं बंड. दुसरं धान्य. गेला पावसाळा हुकलाय, शहरात रेशनच्या रांगा आहेत, खेड्यात सरकारी लेव्ही आहे, म्हणजे सक्तीची धान्यवसुली. बंडावर पाच मिनिटं बोलणं होतं, लेव्हीवर बारामती येईपर्यंत.

समोरचा पटकेवाला तुम्हाला विचारतो, कुठं निघालात. पळसदेवला, शेवया शिकायला, असं तुम्ही सांगता. तो शेजाऱ्याकडे बघतो, शेजारी त्याच्याकडे. "शेवया कुणी शिकतं व्हय?" पण गाडीतून उतरताना तोच तुम्हाला थांबवतो. त्याची धाकटी बहीण पळसदेवला दिलेली आहे. त्याचं शेत निरा डाव्या कालव्यावर, तिथं खपली गहू होतो. तिच्या सासरी भीमाकाठच्या काळ्या रानात बन्सी पिकतो, कोरडवाहू. "माहेरची खपली म्हणावं. पायलीभर हाय." गाठोडं तुमच्या खांद्यावर येतं. बारामती हे कवी मोरोपंतांचं गाव, नाईकांचा वाडा जवळच आहे, पण थांबू नका. भिगवणकडे जाणारी सर्व्हिस मोटार निघायच्या बेतात आहे आणि ती चुकली तर उद्यापर्यंत दुसरी नाही.

मोटारीच्या मागं कोळशाची भट्टी बसवलीय. लढाईत पेट्रोल मिळेनासं झालं तेव्हापासून ती कोळशाच्या गॅसवर चालते. क्लीनर भट्टी ढोसतो, ड्रायव्हर शिव्या घालतो, आणि भिगवणच्या पुढं सोलापूर रस्त्याला लागेपर्यंत तुमच्या अंगावर काळी साय चढते. पळसदेवच्या फाट्यावर उतरून नदीकडे चालत निघालात की पळसनाथाच्या देवळाचं शिखर दिसतं. त्याच्या रोखानं चला. गाव नदीच्या अंगाला आहे.

गावात पाय ठेवताना एक गोष्ट मनात येईल, ती मनातच ठेवा. 1980 च्या सुमाराला उजनी धरण पुरं होईल आणि हे सगळं गाव पाण्याखाली जाईल. उन्हाळ्यात पाणी खाली गेलं की हेच देऊळ उघडं पडेल आणि लोक होड्यांतून ते बघायला येतील. आत्ता मात्र देवळापुढं म्हसरं बसलीत आणि एक पोर त्यांच्यावर खेकसतंय. या लोकांना पुढची बातमी सांगून तुम्ही काय साधणार? गाठोडं पोचवा.

"या पाव्हणं. कुठनं आलात?" ओसरीवर सत्तरीची आजी. गाठोड्यातला एक दाणा ती दाताखाली फोडते आणि आत हाक मारते, "आगं, तुझ्या भावानं खपली धाडली!" मधली सून पदराला हात पुसत बाहेर येते, गाठोड्यात हात घालते आणि जरा वेळ तसाच ठेवते.

तुमची ओळखपाळख एवढ्यावर आटोपते. शेवया उद्या पहाटे, पण शिकवणी आत्ताच सुरू. खपलीचं टरफल दाण्याला चिकटून असतं, मळणीत सुटत नाही. पाण्याचा हबका मारून ते उखळात कांडावं लागतं. मुसळ तुमच्या हाती येतं. जोर लावून मारलंत तर दाणा फुटतो, हळू मारलंत तर टरफल जागचं हलत नाही. मुसळ आपल्या वजनानं पडू द्यायचं आणि पडता पडता किंचित वळवायचं, हे सून दोनदा करून दाखवते, तोंडानं काही सांगत नाही. मग सुपानं पाखडणं. मग दाणे पुन्हा ओलवून, धडप्यात घट्ट बांधून, वर पाटा ठेवून रात्रभर दडपायचे. बन्सीचे दडपलेले दाणे कालपासून तयार आहेत. तुमची खपली पुढच्या घाण्याला.

इथं थोडं गव्हाबद्दल. इटलीत पास्ता ज्या कडक, पिवळसर गव्हाचा होतो त्याच जातीचा आपला बन्सी. दाणा काचेसारखा, दळला की पीठ कमी आणि रवा जास्त. तार ओढली तर तुटत नाही, शिजली तर गाळ होत नाही. खपली त्याहून जुनी. इटलीच्या डोंगराळ भागात तिच्याच जातीच्या गव्हाला फार्रो म्हणतात आणि सुपात घालतात. आपल्याकडे आज ती मधुमेहींचा गहू म्हणून चढ्या भावानं विकली जाते. 1946 च्या या ओसरीवर ती फक्त माहेरची आहे.

तुम्ही पुरुष असाल तर उद्याचं तुमचं काम ठरल्यात जमा आहे: बाजा उचलून सावलीत टाकणं आणि कोंबड्या-कावळ्यांना हाकलणं. पण आजीला तुमची गंमत वाटलीय. शेवयांच्या पाटापर्यंत पोचाल.

पहाटे जात्याच्या आवाजानं जाग येते. दळण झालं की आधी चाळणीनं कोंडा निघतो. मग परातीच्या तोंडावर जुनं धुवट धोतर ताणून बांधतात आणि वरून पीठ फिरवतात; खाली गळतं ते सपीट, वर उरतो बारीक रवा. दोन्ही मिसळून मिठाच्या पाण्यात घट्ट भिजवतात. गोळा मुरला की खरी मेहनत. दोघी समोरासमोर बसून तो पाट्यावर वरवंट्यानं तिंबतात, तेलाचं बोट लावतात, परत तिंबतात. आजी मधूनच चिमूटभर तोडते, दोन बोटांत ताणते, तुटली की मान हलवते. तिसऱ्या वेळी ती चिमूट वीतभर लांबते. "आता झालं." गोळ्यावर ओलं फडकं पडतं, कारण वारं सुटलं की साल धरते आणि साल धरलेल्या गोळ्याची शेवई होत नाही.

तोवर अंगणात बाया जमल्यात. शेजारची, खालच्या आळीची, मोमिनाच्या घरची चाची. तिच्या घरच्या शेवया ईदेला दुधात पडतील, या घरच्या गुळवणीत. कुणालाही मजुरी नाही. ही सावड आहे: आज तुझ्या घरी चौघी, उद्या माझ्या घरी त्याच चौघी. हिशेब कुठं लिहिलेला नाही आणि कुणी विसरतही नाही. गेल्या साली एक बाई बाळंतपणामुळे येऊ शकली नव्हती. यंदा तिनं न सांगता सूनही आणलीय.

पाट बघा. लांबट लाकडी फळी, वर बारीक उभ्या खाचा. एक टोक बाजेवर टेकवलेलं, दुसरं उतरतं. वरच्या टोकाशी एक बाई बसते, लिंबाएवढा गोळा खाचांवर ठेवते आणि तळव्याच्या टाचेनं पुढं रेटते. हाताखालून तार निघते आणि उतारावरून खाली येते. खाली बसलेली ती अलगद झेलते, तुटू न देता लांबवते आणि काठीवर घेते. काठ्या दोन बाजांच्या मध्ये आडव्या. ऊन थेट नको, उन्हात शेवई तडकते. सावली आणि वारा हवा.

आता तुम्ही. गोळा ठेवा, रेटा. तारेऐवजी गांडूळ निघतं. सगळं अंगण हसतं, चाची सगळ्यात मोठ्यानं. "खांद्यानं न्हाई, पाव्हणं. मनगट सैल सोडा." पुन्हा. आता तार निघते पण एका बाजूला सुतळी, दुसऱ्या बाजूला दोरा. खाली झेलणारी पोर तुमची तार डाव्या काठीवर टाकते. घंटाभरानं तुमच्या लक्षात येतं की डावी काठी फक्त तुमचीच आहे. लाज वाटून ती मोडून परत गोळ्यात घालू म्हणता, तर आजी हात धरते. "ऱ्हाऊ द्या. खाणार आमीच हाय."

हे वाक्य मला इटलीतल्या बोलोन्याच्या पास्ता शिकवणाऱ्या वर्गांत सापडत नाही. तिथं आज पैसे भरा, एप्रन मिळतो, लांब लाटणं मिळतं, सराईत बाई उभी राहून अंडं घातलेल्या कणकेची पोळी लाटायला शिकवते. छान शिकवते, खोट काढत नाही मी. पण तीन तासांनी आपण आपलंच केलेलं खातो आणि निघतो; आपल्या हातच्या पास्त्यावर कुणाचं वर्षभराचं काही अवलंबून नसतं. इथं तुमची जाडी तार श्रावणात एखाद्या अवचित आलेल्या जावयाच्या ताटात पडणार आहे आणि तेव्हा तुमचं नाव निघणार आहे. म्हणून मनगट सुधारतं.

मापाचंही तसंच. बोलोन्याच्या व्यापारी मंडळात 1972 पासून सोन्याची एक पट्टी ठेवलीय: शिजलेली ताल्यातेल्ले, म्हणजे पास्त्याची फीत, 8 मिलिमीटर रुंद हवी. पळसदेवात सोनं नाही, विहिणी आहेत. या घरात वैशाखात लग्न आहे. म्हणून ओसरीच्या कोपऱ्यात दोन म्हाताऱ्या पाटाकडे न बघता वेगळंच काम करतायत. चिमटीत चिमुकला गोळा फिरवून गव्हाच्या दाण्याएवढे गव्हले. बोटांवर वळलेले बोटवे. नखानं दाबून खोलगट केलेल्या नखुल्या. आणि नव्या फणीच्या दातांवर दाबून गुंडाळलेल्या फणुल्या, अंगावर बारीक रेघा उठलेल्या. खिरी होतील, रुखवतात मांडले जातील, आणि नवरदेवाकडची एखादी मावशी गव्हला डोळ्यांजवळ धरून बघेल. तिच्यापेक्षा व्यापारी मंडळ परवडलं.

फणुल्या बघायला एक माणूस दारातून आत येतो. खाकी अर्धी चड्डी, डोक्याला टॉवेल. खालच्या आळीचा, मराठा पलटणीत होता, नुकताच नाव कमी होऊन आलाय. गेल्या वर्षीच्या एप्रिलात त्याची पहिली पलटण इटलीत सेनिओ नदीवर होती. नगर जिल्ह्यातल्या निमजच्या नामदेव जाधवांना त्याच लढाईत व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. त्याआधी तिबेर नदीच्या खोऱ्यात कोकणातले यशवंत घाडगे गेले, त्यांनाही तोच मान, मरणोत्तर. शिपाई लढाईबद्दल बोलत नाही. तो फणी उचलतो. "तिकडं बी असंच करत्यात. आमी एका मळ्यात उतरलो हुतो. तिथली म्हातारी फणीवर काडीनं गुंडाळायची."

त्याचं खोटं नाही. सेनिओच्या काठच्या त्या रोमान्या मुलखात गार्गानेल्ली म्हणून पास्ता करतात: पातळ चौकोनी तुकडा बारीक काडीभोवती गुंडाळून फणीच्या दातांवर फिरवायचा. पोकळ नळी तयार होते, बाहेरून रेघा. आपली फणुली त्याहून साधी, पण दोघींच्या अंगावरच्या रेघा सारख्या. कुणी कुणाकडून उचललं असं म्हणायला काही आधार नाही. कणीक आणि फणी दोन्ही घरात असल्या की हात आपोआप तिकडं जात असावा.

"आन् खात्यात कशासंगं? गुळवणी?" आजी विचारते.

"छ्या! टमाटं घालून. न्हाईतर वशाट."

"शेवयात वशाट?" आजी गव्हल्यांचं ताट त्याच्यापासून लांब सरकवते, जणू तो आत्ताच काही टाकणार आहे. चाची मात्र विचारात पडते आणि मसाला कोणता घालतात ते खोदून विचारते. शिपायाला तेवढं आठवत नाही.

ऊन चढतं. काठ्यांवर तारा सुकायला लागल्यात, वाऱ्यानं एकमेकींवर आपटून बारीक आवाज करतायत. सुकवली की टिकते, टिकली की दूर जाते, हे जगात बऱ्याच ठिकाणी कळलेलं होतं. इद्रिसी नावाच्या अरब भूगोलकारानं 1154 मध्ये सिसिलीतल्या त्राबिया गावाबद्दल लिहून ठेवलंय की तिथं पिठाच्या तारा करून जहाजांनी परमुलखात धाडतात. पळसदेवच्या शेवया फार दूर जात नाहीत: डब्यात कडुलिंबाचा पाला घालून माळ्यावर, फार तर लेकीच्या सासरी.

तुमचा खांदा आता ठणकायला लागलाय, आणि हे कुणाशी बोलू नका, कारण मधली सून पहाटे तीनपासून जात्यावर होती. पुढं हाताचं यंत्र येईल, बाजेच्या माच्याला आवळून बसवायचं, पोरांनी दांडा फिरवायचा. मग विजेची गिरणी: रवा न्या, शेवया आणा. बाया पाट माळ्यावर टाकतील आणि मागं वळून बघणार नाहीत. मला त्यात हळहळण्यासारखं काही दिसत नाही. पुण्याच्या भीमथडी जत्रेत बचत गटाच्या बाईकडून शेवयांचं पाकीट घेताना तिला विचारा, पाट हवा का यंत्र. ती तुमच्याकडे त्या पटकेवाल्यासारखीच बघेल.

दुपारी ताटं मांडली जातात. सकाळच्या वाळलेल्या थोड्या शेवया उकळत्या पाण्यात पडतात, लगेच रोवळीत उपसल्या जातात. वर सुंठ-वेलदोड्याची गरम गुळवणी, दूध, तुपाची धार. गूळ कालव्याकडचा. लेव्हीच्या साली एवढं तूप घालायला नको होतं असं धाकटा मुलगा पुटपुटतो, आजी ऐकलं न ऐकलं करते. तुमच्या ताटात डाव्या काठीवरच्या आहेत, हे तुम्ही पहिल्या घासाला ओळखता. मध्ये कच्च्या राहिल्यात. खा.

हात धुताना तुम्ही खिशात हात घालता, काही द्यावं म्हणून. आजी ते बघते आणि तिचा चेहरा बदलतो. चाची मध्ये पडते. "पैसं ठेवा, पाव्हणं. उद्या आमच्यात पाट लावायचाय. कोंबडं आरवायच्या आत या. आन् नखं काढून या, आज तारेला लागत हुती."

शिपाई दारातून ओरडतो की परवा त्याच्या घरी.