वेहेरगाव आणि वलुरकचा भिक्षुसंघ

पुणे जिल्ह्याच्या मावळ तालुक्यातील वेहेरगाव हे डोंगरपायथ्याचे लहानसे गाव. वरच्या कड्यात कार्ल्याची लेणी आहेत. तेथील भव्य चैत्यगृह, छताच्या प्राचीन लाकडी फासळ्या आणि सिंहस्तंभ पाहण्यास अभ्यासक येतात. चैत्यासमोरील एकवीरेच्या दर्शनास येणारे भाविक त्याहून कितीतरी अधिक.

परंतु या स्थानाचा इतिहास केवळ पाषाणाचा नाही. येथील प्राकृत शिलालेखांत त्याचे नाव ‘वलुरक’ असे येते. क्षत्रप नहपानाचा जावई उषवदात याने येथे वर्षावास करणाऱ्या चारही दिशांच्या भिक्षुसंघाच्या निर्वाहार्थ करजिक हे गाव दान दिले. पुढे क्षहरातांची सत्ता गेली. तरीही सातवाहन राजाने मामालच्या अमात्यास आज्ञा करून करजक गाव वलुरकच्या भिक्षूंस दिले व राजसेवकांस तेथे प्रवेश मना केला. राज्ये बदलली, संघाचे अन्न तुटले नाही.

‘मामाल’ म्हणजेच आजचे मावळ. वेहेरगावाच्या नावातही विहाराची स्मृती असल्याचे मानले जाते. म्हणून लेणी पाहणाऱ्या उपासकांनी शिल्पांबरोबर हे लेखही समजून घ्यावेत. दान राजांच्या नावे कोरले गेले. धान्य मात्र ज्यांची नावे कोठेही कोरलेली नाहीत, त्या शेतकऱ्यांनी पिकविले होते.